स्वतंत्र चित्रपटांचा सिनेमॅटोग्राफर: कारकिर्दीविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सिनेमॅटोग्राफर म्हणजे कॅमेरा चालवणारी व्यक्ती, एवढेच का?

नाही. चित्रपट पडद्यावर कसा दिसेल याची जबाबदारी सिनेमॅटोग्राफरवर असते. प्रकाश कोणत्या दिशेने आणि किती यावा, कोणती लेन्स वापरावी, कॅमेरा कोठे ठेवावा, तो हलावा की स्थिर राहावा, चित्रीकरणानंतर रंगांवर काय संस्कार व्हावेत, हे सर्व निर्णय दिग्दर्शकाशी बोलून त्यालाच घ्यावे लागतात. मोठ्या निर्मितीत त्याच्या हाताखाली कॅमेरा ऑपरेटर, प्रतिमा स्पष्ट ठेवणारा फोकस पुलर, प्रकाशविभागाचा प्रमुख असलेला गॅफर, ट्रॅक आणि ट्रॉली सांभाळणारे ग्रिप अशी मोठी फळी असते. स्वतंत्र चित्रपटात हीच कामे तीन-चार माणसांत वाटली जातात, आणि बहुतेक वेळा सिनेमॅटोग्राफर कॅमेरा स्वतःच्या खांद्यावर घेतो. त्यामुळे स्वतंत्र चित्रपटात काम करणाऱ्याला प्रत्येक विभागाचे काम आतून ठाऊक असावे लागते. एखादा स्टँड उभा करायला किती वेळ लागतो हे ज्याला माहीत नाही, त्याला दिवसाचे वेळापत्रक आखता येणार नाही.

माहितीपट, कथापट, लघुपट, जाहिराती असे सगळे करावे की एकाच प्रकारात नाव कमवावे?

हा प्रश्न सर्वांत जास्त विचारला जातो, आणि त्यामागची भीती खरी आहे. सगळे करणाऱ्याची स्वतःची ओळख राहत नाही, असे अनेकांना वाटते. माझे मत वेगळे आहे. अष्टपैलू सिनेमॅटोग्राफर दहा शैली शिकून तयार होत नाही. प्रत्येक कथेला काय हवे आहे हे नव्याने विचारण्याची आणि मागच्या कामातील आवडते उत्तर बाजूला ठेवण्याची तयारी त्याला घडवते.

अँथनी डॉड मँटल यांची कारकीर्द या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. १९९८ साली ‘फेस्टन’ हा डॅनिश चित्रपट त्यांनी घरगुती वापराच्या छोट्या डिजिटल व्हिडिओ कॅमेऱ्यावर चित्रित केला. तो ज्या ‘डॉग्मे ९५’ या चळवळीचा भाग होता, तिच्या नियमांप्रमाणे कॅमेरा हातात धरणे बंधनकारक होते आणि खास प्रकाशयोजनेला मनाई होती. पुढे त्यांनीच ‘स्लमडॉग मिलियनेअर’साठी २००९ साली ऑस्कर मिळवले आणि २०१३ साली मोटार शर्यतींवरचा ‘रश’ चित्रित केला. साधने, खर्च आणि विषय या सर्वांत या चित्रपटांमध्ये मोठे अंतर आहे. तरी हातातला कॅमेरा माणसांच्या किती जवळ जाऊ शकतो, याविषयीचे त्यांचे कुतूहल या सगळ्या कामात दिसते. ओळख अशी कुतूहलातून तयार होते, आणि एकच प्रकार धरून ठेवल्याने ती आपोआप मिळत नाही.

व्यवहाराच्या दृष्टीनेही एका प्रकारावर अवलंबून राहणे अवघड असते. स्वतंत्र कथापटाचा निधी उभा राहायला अनेकदा वर्षे जातात, आणि त्या काळात माहितीपट, संस्थांसाठीचे छोटे चित्रपट आणि जाहिराती हेच उत्पन्नाचे साधन असते. कामांची सरमिसळ करताना एक पथ्य मात्र पाळावे. जे काम केवळ पैशासाठी घेतले, त्यातही एक तरी गोष्ट शिकण्यासारखी असावी, मग ती नवी लेन्स असो, नव्या प्रकारचा दिवा असो किंवा वेगाने निर्णय घेण्याचा सराव असो.

माहितीपटाचा अनुभव कथापटात खरोखर उपयोगी पडतो का?

पडतो, आणि फार खोलवर पडतो. माहितीपटात घटना दुसऱ्यांदा घडत नाही. माणूस आता उठून खिडकीकडे जाईल की दाराकडे, याचा अंदाज घेऊन कॅमेरा आधीच योग्य जागी असावा लागतो. हा अंदाज पाहून आणि ऐकून येतो. म्हणूनच माहितीपट करणारे चांगले सिनेमॅटोग्राफर एक कान नेहमी संवादाकडे ठेवतात.

रॉजर डीकिन्स यांनी सुरुवातीच्या वर्षांत माहितीपट केले. रॉउल कुतार हे इंडोचायनात वृत्तछायाचित्रकार होते. ‘ब्रेथलेस’ चित्रित करताना त्यांनी स्थिर छायाचित्रणाची अतिसंवेदनशील फिल्म तुकडे जोडून वापरली आणि ट्रॉलीऐवजी चाकांच्या खुर्चीत बसून कॅमेरा फिरवला. उपलब्ध प्रकाशात, गर्दीच्या रस्त्यावर, कोणाला थांबवून न ठेवता काम करण्याची त्यांची सवय त्या चित्रपटाचे रूपच ठरवून गेली. मरीस आल्बर्टी यांनी अनेक गाजलेले माहितीपट केल्यानंतर ‘द रेसलर’ चित्रित केला. त्या चित्रपटात नायकाच्या पाठीमागून चालणारा कॅमेरा माहितीपटातल्या सारखाच सावध आणि आदर राखणारा आहे.

उलट दिशेचाही फायदा असतो. कथापटात चौकट विचारपूर्वक बांधायची सवय लागलेला माणूस माहितीपटात घाईघाईने सगळे टिपत बसत नाही, तो थांबतो आणि निवडतो.

फिल्म स्कूलमध्ये शिकणे आवश्यक आहे का?

आवश्यक नाही, उपयुक्त मात्र नक्कीच आहे. शिक्षणसंस्थेत चुका करायला मोकळीक मिळते आणि पुढे वीस वर्षे सोबत काम करणारे दिग्दर्शक, संकलक, ध्वनिमुद्रक तेथेच भेटतात. संस्थेबाहेर शिकणाऱ्याला हे दोन्ही स्वतः उभे करावे लागते.

सुब्रत मित्र यांनी ‘पथेर पांचाली’पूर्वी चलत्‌चित्राचा कॅमेरा कधी चालवला नव्हता, आणि चित्रीकरण सुरू झाले तेव्हा ते अवघे २१ वर्षांचे होते. परंतु हे उदाहरण शिक्षणाची गरज नाही असे सांगण्यासाठी देऊ नये. स्थिर छायाचित्रणाचा त्यांचा अभ्यास पक्का होता आणि प्रकाशाचे निरीक्षण विलक्षण होते. शिकणे चुकवता येत नाही, फक्त ते कोठे आणि कसे करायचे याचे पर्याय आहेत.

सुरुवात कॅमेरा सहायक म्हणून करावी की थेट स्वतः चित्रीकरण करावे?

दोन्ही वाटा चालतात, शक्य असल्यास दोन्ही एकाच वेळी धराव्यात. सहायक म्हणून काम करताना शिस्त येते: लेन्स बदलण्याची पद्धत, नोंदी ठेवणे, सेटवर कधी बोलावे आणि कधी गप्प राहावे हे कळते. पण चौकट आणि प्रकाश यांचे निर्णय स्वतः घेतल्याशिवाय येत नाहीत, त्यासाठी लघुपट करावेच लागतात. माझा आग्रह असा, की काही काळ प्रकाशविभागातही काम करावे. कॅमेऱ्यामागे उभे राहायला सगळेच उत्सुक असतात, दिव्यामागे उभे राहायला फार थोडे. आणि प्रतिमा बऱ्याच अंशी तेथेच घडते.

स्वतःचा कॅमेरा विकत घ्यावा का?

सुरुवातीच्या टप्प्यात सरावासाठी एक साधा, चांगला कॅमेरा असावा. त्यापलीकडे कर्ज काढून महाग कॅमेरा घेण्याविषयी मी सावध राहण्याचा सल्ला देईन. कॅमेऱ्याची मॉडेल्स झपाट्याने जुनी होतात, आणि हप्ते फेडण्यासाठी प्रत्येक चित्रपट त्याच कॅमेऱ्यावर करण्याचा मोह होतो. त्यामुळे कथेला अनुरूप साधन निवडण्याचे स्वातंत्र्यच हातातून जाते. लेन्स, भक्कम ट्रायपॉड, प्रकाश कमी करणारे एनडी फिल्टर आणि एक-दोन विश्वासार्ह दिवे मात्र अनेक वर्षे साथ देतात. स्वतःची साधने चित्रीकरणाला वापरली जात असतील, तर त्यांचे भाडे मानधनापेक्षा वेगळे लिहून घ्यावे.

मोबाइलवर किंवा स्वस्त कॅमेऱ्यावर केलेल्या चित्रपटाला कोणी गंभीरपणे घेते का?

घेते. ‘टँजरिन’ हा चित्रपट आयफोन ५एसवर चित्रित झाला होता आणि २०१५ साली स्वतंत्र चित्रपटांसाठीच्या अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात दाखवला गेला. त्यासाठी फोनवर अ‍ॅनामॉर्फिक अ‍ॅडॉप्टर (रुंद चौकट मिळवून देणारी जोडलेन्स) लावले होते आणि फोनच्या छोट्या आकारामुळे रस्त्यावर मोकळेपणाने वावरता आले. सिनेमॅटोग्राफर एलन क्युरस यांना सनडान्सचा छायाचित्रणाचा पुरस्कार तीनदा मिळाला आहे, आणि त्यांतला एक चित्रपट डिजिटल व्हिडिओवर केलेला होता.

या उदाहरणांत साधन स्वस्त होते, पण निवड विचारपूर्वक केलेली होती. छोट्या सेन्सरच्या कॅमेऱ्यात तीव्र उजेडातले तपशील लवकर जळून जातात, अंधारात कण दिसू लागतात आणि पार्श्वभूमी सहजी धूसर होत नाही. या मर्यादा आधीच तपासून, त्यांना साजेशी जागा, वेळ आणि हालचाल ठरवली तर प्रतिमेला स्वतःचे व्यक्तिमत्त्व येते. मोठ्या कॅमेऱ्याची नक्कल करायला गेलो, तर प्रेक्षकाला फक्त उणीव दिसते.

पटकथा हातात आल्यावर काम कोठून सुरू करावे?

पहिले वाचन साध्या वाचकासारखे करावे. त्या वेळी शॉट लिहू नयेत. कोठे मन गुंतले, कोठे कंटाळा आला, कोठे काही कळले नाही, एवढेच लक्षात ठेवावे, कारण ही पहिली प्रतिक्रिया पुन्हा मिळत नाही. दुसऱ्या वाचनात दिवस आणि रात्र, आतले आणि बाहेरचे प्रसंग, पात्रांच्या मनःस्थितीतील वळणे यांच्या नोंदी कराव्यात.

त्यानंतर दिग्दर्शकाशी दीर्घ बोलणी. ‘सुंदर दिसले पाहिजे’ किंवा ‘वास्तव वाटले पाहिजे’ अशा शब्दांनी काहीच ठरत नाही. त्यापेक्षा थेट प्रश्न विचारावेत. प्रेक्षकाला या पात्राएवढेच माहीत असावे की जास्त? कॅमेरा त्याच्यासोबत चालेल की लांबून पाहील? चित्रपटात असे कोणते क्षण आहेत, जेथे ठरवलेला नियम मोडायचा आहे? या उत्तरांतून लेन्सची निवड, कॅमेऱ्याची उंची आणि हालचालीचे नियम आपोआप निघतात.

स्थळपाहणी तर अर्धी प्रकाशयोजनाच असते. ज्या वेळी चित्रीकरण होणार, त्याच वेळी त्या जागी जावे. सूर्य कोणत्या खिडकीतून किती वाजता येतो, समोरच्या भिंतीवरून किती प्रकाश परततो, वीजजोडणी किती भार पेलते, विद्युतदिवे लुकलुकतात का, हे सर्व पाहावे. वीजपुरवठा ५० हर्ट्‌झचा असेल आणि चित्रीकरण सेकंदाला २४ फ्रेम्सने होत असेल, तर शटर (प्रत्येक फ्रेमला प्रकाश किती वेळ मिळेल हे ठरवणारा भाग) १८० अंशांऐवजी १७२.८ अंशांवर ठेवल्याने लुकलुक टळते. असा तपशील तयारीच्या दिवशी लक्षात आला तर दोन मिनिटांचे काम असते; संकलनाच्या टेबलावर लक्षात आला तर प्रसंग हातचा जाऊ शकतो.

शेवटी वेळापत्रक. येथे सिनेमॅटोग्राफरने सहायक दिग्दर्शकाच्या शेजारी बसायलाच हवे. खिडकीजवळचा प्रसंग दुपारी चार वाजता लावण्याऐवजी सकाळी लावला, तर अनेकदा दिव्यांचा एक पूर्ण संच वाचतो. कमी खर्चाच्या चित्रपटात सर्वांत दुर्मीळ गोष्ट कॅमेरा नसून वेळ असते, आणि ती अशा निर्णयांतूनच मिळवता येते.

थोड्या दिव्यांत चांगली प्रकाशयोजना कशी करावी?

आधी प्रकाश काढून टाकायला शिकावे. बहुतेक खोल्यांत गरजेपेक्षा जास्त प्रकाश असतो आणि तो सगळीकडून येतो. छतावरचे दिवे बंद करून, एक पडदा ओढून, चेहऱ्याच्या एका बाजूला काळे कापड धरले की त्या चेहऱ्याला आकार येतो. याला काहीही खर्च नाही.

दुसरे म्हणजे अंतराचा नियम हाडीमाशी मुरलेला असावा. छोटा दिवा दुप्पट अंतरावर नेला की चेहऱ्यावर चौथाई प्रकाश उरतो, म्हणजेच दोन स्टॉपचा फरक पडतो (एक स्टॉप म्हणजे प्रकाश निम्मा किंवा दुप्पट होणे). दिवा पात्राच्या अगदी जवळ असेल, तर मागची भिंत झपाट्याने काळोखात जाते. तोच पुरेसा ताकदवान दिवा खिडकीबाहेर लांब ठेवला, तर पात्र खोलीत फिरले तरी प्रकाश फारसा बदलत नाही आणि अभिनेत्याला मोकळेपणा मिळतो. दिवा कोठे ठेवायचा हे म्हणूनच अभिनयाशी जोडलेले आहे.

तिसरे, प्रकाश थेट न टाकता परतवून घेण्याचा विचार करावा. ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचे अंगण स्टुडिओत उभारले होते. वरून मोकळ्या आकाशातून झिरपणारा सावलीविरहित उजेड हवा, म्हणून सुब्रत मित्र यांनी सेटवर पांढरे कापड ताणले आणि दिव्यांचा प्रकाश त्यावरून परतवला. हे १९५६च्या सुमाराचे काम आहे, आणि आजही लहान सेटवर पांढरी चादर किंवा थर्माकोल हेच पहिले साधन असते.

चौकटीत दिसणारे घरगुती दिवे, टेबललॅम्प, दुकानाच्या पाट्या हेही प्रकाशाचे स्रोतच आहेत. त्यांचे बल्ब बदलून किंवा मंद करून बरेच साधता येते. स्वस्त एलईडी दिव्यांबाबत मात्र दक्ष राहावे. काहींमध्ये लाल छटा नीट उमटत नाही आणि त्वचा निस्तेज दिसते. वेगवेगळ्या वर्णाच्या अभिनेत्यांवर प्रत्यक्ष चाचणी करूनच असा दिवा वापरावा.

दिग्दर्शकाशी मतभेद झाले तर काय करावे?

मतभेद तयारीच्या काळात मोकळेपणाने मांडावेत, सेटवर सर्वांसमोर नव्हे. आपला पर्याय कथेच्या भाषेत सांगावा: ‘असे केल्यास ती एकटी वाटेल’ हे वाक्य ‘असे केल्यास चौकट छान दिसेल’ यापेक्षा जास्त ऐकले जाते. त्यानंतरही दिग्दर्शकाचा निर्णय वेगळा असेल, तर तो मनापासून आणि उत्तम प्रकारे अमलात आणावा. अर्धवट मनाने केलेला शॉट कोणाचाच नसतो.

प्रत्यक्ष फिल्मवर चित्रीकरण करायला शिकावे का?

संधी मिळाली तर जरूर. १६ मिमी फिल्मचा ४०० फुटांचा रोल २४ फ्रेम्सने सुमारे ११ मिनिटे चालतो, ३५ मिमीचा तेवढाच रोल साधारण साडेचार मिनिटांत संपतो. प्रत्येक टेकपूर्वी सर्वांनी तयार असण्याची जी सवय या मर्यादेतून लागते, ती डिजिटलवरही टिकते. रेचल मॉरिसन यांनी ‘फ्रूटवेल स्टेशन’ सुपर १६ या १६ मिमी फिल्मच्या रुंद चौकटीच्या प्रकारावर केला. पुढे ‘मडबाउंड’साठी २०१८ साली छायाचित्रणाच्या ऑस्करचे नामांकन मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला ठरल्या. मॉरिसन यांनी ‘मडबाउंड’ मात्र डिजिटलवर चित्रित केला, यावरून माध्यमाचा हट्ट नको हेही दिसते.

शो-रील कशी असावी?

आपल्या निवडक दृश्यांची ही छोटी फीत दोन मिनिटांच्या आसपास, आणि पहिल्या वीस सेकंदांत सर्वोत्तम काम. वेगवान संगीतावर शेकडो शॉट कापून लावलेली रील दिग्दर्शकाला फारसे काही सांगत नाही. त्यापेक्षा थोडे प्रसंग सलग दिसू द्यावेत, म्हणजे एका शॉटचा प्रकाश पुढच्या शॉटशी कसा जुळतो हे कळते. कथापट, माहितीपट आणि जाहिराती यांच्या वेगळ्या रील ठेवाव्यात. सोबत एक-दोन पूर्ण लघुपटही पाहायला उपलब्ध ठेवावेत, कारण काम देणारा विचारी दिग्दर्शक शेवटी तेच पाहतो. ज्यात आपण फक्त सहायक होतो, ते काम स्वतःचे म्हणून कधीही दाखवू नये.

मानधन आणि करार यांत काय पाहावे?

करार लेखी असावा, चित्रपट मित्राचा असला तरीही. त्यात चित्रीकरणाचे दिवस, दिवसाचे तास, तयारीच्या दिवसांचे मानधन, हप्त्यांच्या तारखा, साधनांचे भाडे, विमा, श्रेयनामावलीतील उल्लेख आणि रंगसंस्काराच्या वेळी उपस्थित राहण्याचा हक्क यांची स्पष्ट नोंद हवी. शो-रीलसाठी दृश्ये वापरण्याची परवानगीही त्यातच घ्यावी.

‘चित्रपट विकला गेला की पैसे देऊ’ हा प्रस्ताव वारंवार येतो. बहुतेक वेळा ते पैसे येत नाहीत, असे धरूनच निर्णय घ्यावा. तरीही कथा आणि दिग्दर्शक यांच्यासाठी काम करावेसे वाटत असेल तर अवश्य करावे, पण सहायकांना आणि लाइटमनना त्यांचे पैसे वेळेवर मिळतील याची खात्री आधी करून घ्यावी. त्यांना आपल्या शब्दावर बोलावलेले असते.

कामाच्या तासांना मर्यादा घालता येते का?

घातलीच पाहिजे. १९९७ साली अमेरिकेत एका चित्रपटाचा कॅमेरा सहायक १९ तासांच्या कामानंतर गाडी चालवत घरी जाताना अपघातात मरण पावला. ज्येष्ठ सिनेमॅटोग्राफर हॅस्केल वेक्सलर यांनी त्यानंतर हा प्रश्न लावून धरला आणि २००६ साली त्यावर माहितीपट काढला. विभागप्रमुख म्हणून सिनेमॅटोग्राफरचा शब्द चालतो, आणि तो अशा वेळी वापरायचा असतो. १२ तासांनंतर आणखी दोन प्रसंग उरकण्याचा आग्रह झाला, तर कोणते शॉट गाळता येतील याची यादी पुढे करावी. छतावर, पाण्यात, धावत्या वाहनावर किंवा शस्त्रांसह चित्रीकरण असेल, तर त्या कामातील जाणकाराशिवाय आणि पूर्वतपासणीशिवाय कॅमेरा सुरू करू नये.

कलर ग्रेडिंगमध्ये सिनेमॅटोग्राफरचा सहभाग किती असावा?

सुरुवातीपासून शेवटपर्यंत. चित्रीकरणापूर्वीच रंगसंस्कार करणाऱ्या कलरिस्टसोबत चाचणीदृश्यांवर काम करून एक ‘एलयूटी’ (प्रतिमेच्या रंगांना ठरलेले रूप देणारा तक्ता) तयार करावा, म्हणजे सेटवरच्या मॉनिटरवर सर्वांना अपेक्षित रूपाच्या जवळचे चित्र दिसते. अन्यथा संकलक महिनोन्‌महिने फिक्या लॉग प्रतिमा (रंगसंस्कारापूर्वीच्या, मुद्दाम कमी उठावाच्या) किंवा भलतेच रंग पाहत राहतो आणि दिग्दर्शकाला त्यांचीच सवय होते. अंतिम ग्रेडिंगच्या वेळी आपण दुसऱ्या चित्रपटावर असण्याची शक्यता मोठी असते, म्हणून त्या तारखा करारात आधीच अडवून ठेवाव्यात.

महोत्सव आणि पुरस्कार यांनी काम मिळते का?

थेट क्वचितच. पोलंडमधील कॅमेरिमेज हा १९९३ पासून चालणारा महोत्सव खास छायाचित्रणासाठी आहे, आणि तेथे जाणे शिकण्याच्या दृष्टीने मोलाचे आहे. परंतु पुढचे काम सहसा आधीच्या दिग्दर्शकाकडून, त्याच्या संकलकाकडून किंवा एखाद्या सहायकाच्या शिफारशीतून येते. म्हणून महोत्सवात नामवंतांना गाठण्यापेक्षा आपल्याच वयाच्या, पहिला किंवा दुसरा चित्रपट करणाऱ्या दिग्दर्शकांचे काम पाहावे आणि त्यांच्याशी बोलावे.

काम नसलेल्या महिन्यांत काय करावे?

असे महिने प्रत्येकाच्या वाट्याला येतात, त्यासाठी चांगल्या काळात पैसे बाजूला ठेवावेत. या वेळात एक खोली, एक दिवा आणि एक मित्र घेऊन प्रकाशाच्या चाचण्या करता येतात. एकच चेहरा वेगवेगळ्या लेन्सवर, तेवढाच मोठा दिसेल अशा अंतरावरून चित्रित करून पाहिला, तर अंतरामुळे चेहऱ्याचा आकार कसा बदलतो हे कायमचे लक्षात राहते. जुन्या कामाच्या हार्डडिस्क तपासून त्यांच्या दुसऱ्या ठिकाणी प्रती ठेवण्याचे कामही याच काळात होते. शिवाय ज्या दिग्दर्शकांची पटकथा अजून लिहून व्हायची आहे, त्यांच्या पहिल्या खर्ड्यावर प्रामाणिक अभिप्राय द्यावा. त्यांतला एखादा चित्रपट दोन-तीन वर्षांनी उभा राहतो, तेव्हा सिनेमॅटोग्राफर कोण असेल हे बहुधा आधीच ठरलेले असते.